मामाची रम का पेटेना

१० मे
...म्हणून माझा दामाजीमामावर डाऊट आहे, रममध्ये पाणी मिसळतो. वर्षालीताईच्या हळदीसाठी रमच्या बाटल्या आणणार तो, सांभाळणार तो, आणि देवाला पहिली धार सोडणार तोच. आमच्या कोळीवाड्यात तो मान मामाचा. ओके. पण चेक कोण करणार? मी. शिवाय हळदीत मी सगळ्यांसमोर कोळंबीवर रम ओतून पेटवणार. रील्स सेव्ह आहेत. एक्सपर्टच झालोय जवळजवळ.

११ मे, सकाळ
ट्रायल. मामाची एक बाटली न सांगता घेतली. इन्स्पेक्शन सांगून करत नाहीत. रम टोपात मस्त उकळू दिली, टेस्ट यावी म्हणून. मग लायटर. काहीच नाही. परत. काहीच नाही. म्हणजे पाणी घातलंय. सापडलास, मामा.
ताई शाळेत सायन्स शिकवते. म्हणाली, उकळलीस तर अल्कोहोल उडून जातं, पेटणार काय? ती मामाची लाडकी. साइड घेणारच.

११ मे, दुपार
आईला सांगितलं. तिने मामाला विचारलं. मामा जेवला नाही. धार दुसऱ्या कुणालातरी सोडायला सांगा, म्हणाला. गिल्टी माणूस असाच बोलतो.

१२ मे, सकाळ
आज हळद. ताईचं परत लेक्चर: रम वाटीत काढ, गॅस बंद करून घाल, बाटली लांब ठेव, झाकण हाताशी ठेव, उन्हात ती आग दिसत नाही. हो हो म्हटलं. वाटीत काय भारी दिसतं? बाटलीतूनच ओतणार. मामाचीच बाटली, सगळ्यांसमोर प्रूफ.

१२ मे, संध्याकाळ
दुपारी गच्चीवर कडक ऊन. टोपातल्या कोळंबीवर रम ओतली, लायटर लावला. काहीच दिसलं नाही. बघा, पाणी, म्हणालो आणि अजून ओतली. भक्क. आग धारेवरून थेट बाटलीकडे आली. मामाने बाटली हिसकावून लांब फेकली, मला मागे ओढलं. ताईने हळदीच्या हातांनीच टोपावर परात पालथी घातली. मामाचा हात भाजला.
त्याने तेवढंच विचारलं, “पटलं का रं आता?”

१३ मे
माझी डावी भुवई गेली. लग्नासाठी ताईने पेन्सिलने काढून दिली, वर हसली. धार मामानेच सोडली, पट्टी बांधलेल्या हाताने. आईने मला सगळ्यांसमोर सॉरी म्हणायला लावलं. म्हणालो.
पण शांतपणे विचार केला तर काल जे पेटलं ते नॉर्मल नव्हतं. साधी रम एवढी पेटते? मामाने त्यात पेट्रोल तर नसेल मिसळलं? डायरी, तुला काय वाटतं?