इतं दे की मासं

ती. मुक्ताआत्यास,

मालविकाचा साष्टांग नमस्कार. (फ्लॅट एवढासा आहे की खरोखर घातला तर पाय स्वयंपाकघरात जातील, म्हणून मनातल्या मनात घातलाय.) तुझे गुडघे काय म्हणतात? इथे बिन ओमरानला एसी चोवीस तास चालतो, पण मला मेलीला चैन नाही. एवढं लिहीपर्यंत तीनदा उठले.

पुढच्या महिन्यात तू पहिल्यांदा दोह्याला येणार, आणि आमची भैरवी मराठी कळत असूनही सगळी उत्तरं इंग्रजीत देणार. 'नातीशी बोलायला दुभाषी आणू का गं?' असं तू विचारलंस, ते फार लागलं मला. आणि एके दिवशी कार्टीनं ताटावर बसून, हात जोडून, डोळे मिटून, अगदी तुझ्या हेलात म्हटलं, "इतं दे की मासं!" अगं, डोळ्यांत पाणीच आलं माझ्या! (मासे मागायला हात कशाला जोडायचे, हे तेव्हाच सुचायला हवं होतं.) तुला लगेच फोन करून मिरवलं, आणि तेव्हापासून घरात रोज मासे. तळलेला हमूर, हमूरचं कालवण, चतुर्थीलासुद्धा हमूर, देवा क्षमा कर. तिचा बाप श्रेयस लुसैलच्या ऑफिसातून येतो तो लिफ्टपासूनच नाक धरून.

काल शेजारच्या खतिजाची मुलगी आली होती. माणसं केरळची. तिच्यापुढे उपमा ठेवला, तर तिनेही हात जोडले आणि म्हणाली, "इतं दे की मासं!" म्हटलं, हिला तुझी इचलकरंजीची बोली कुणी शिकवली? दोघी हसून हसून गडबडा लोळल्या आणि मोबाईल पुढे केला. त्यात जपानी कार्टून (त्याला 'ॲनिमे' म्हणायचं, कार्टून म्हटलं की राग येतो), आणि त्यातला निळ्या केसांचा पोरगा शेवयांच्या वाडग्यापुढे हात जोडून म्हणतो, 'इतादाकिमास'. म्हणजे जेवणाआधी अन्नाला नमस्कार! मी इतकी वर्षं श्लोक म्हण म्हणून कानीकपाळी ओरडतेय, तर 'सो बोअरिंग'. आणि त्या निळ्यानं सांगितलं की लगेच डोळे मिटतात! रडू की हसू, कळेना झालंय. तेव्हा फोनवर सांगितलेलं सगळं खलास समज.

तुझी,
मालू

ता.क. पुण्यात जपानी शिकवणारे पुष्कळ आहेत म्हणे. कुणी ओळखीचं असेल तर विचार ना, खरं तर त्यासाठीच लिहायला बसले. पोरगी ज्या भाषेत माझ्याशी बोलेल, ती शिकते बाई मी. चार शब्द तूही शिकून ये.

आणखी ता.क. शिकवणी नको! आत्ताच ताट बघून ओरडली, "आई, रोज रोज काय गं मासे! मला नको, जा!" अख्खं मराठी, तेही हेलासकट! आता मासे बंद केले तर ही परत इंग्रजीवर जाईल. आत्या, येताना सुकट आण. भरपूर आण.