नातीच्या नावाचा अर्थ

प्रिय चिमणे,

नातीची चांदीची वाटी अजून कोरीच आहे. तुझी आई रोज टोमणा मारते, "जगाची नावं कोरता, आणि घरच्याच नावाला मुहूर्त सापडेना होय?" खरं कारण मी तिला सांगितलेलं नाही. मला त्या नावाचाच संशय येत होता.

हसू नकोस. परक्या भाषेतलं नाव आलं की अर्थ विचारल्याशिवाय मी कोरणी टेकवत नाही, हे तुला ठाऊक आहे. लोकांनाही तेवढंच हवं असतं. कुणाच्या नावाचा अर्थ पहाट, कुणाचा लांडगा, एकाचा तर नुसता 'आठवा', कारण आधीची सात भावंडं. सांगताना प्रत्येकाचा चेहरा खुलतो. तुमच्याकडे उलटंच. तू म्हणालीस, कसल्याशा फुलाचं नाव आहे. जावईबापू म्हणाले, पणजीचं. विहीणबाईंना विचारलं तर "कानाला गोड वाटलं हो," म्हणत त्यांनी विषय दुधाच्या बाटलीवर नेला. साध्या नावाची तीन उत्तरं, म्हणजे कुठेतरी पाणी मुरतंय!

मग डोकं भरकटलं. वाटलं, जावयाच्या जुन्या मैत्रिणीचं नाव असेल आणि तू भोळी फसलीस. मग वाटलं, सासरच्यांनी तुझ्या गळी उतरवलं असेल. आईला हळूच चाचपून पाहिलं, तर "तुम्हाला कपड्यांच्या दोरीतही साप दिसतो," म्हणून ती धुणं वाळत घालायला निघून गेली.

परवा जावयांची भाषा बोलणारी एक शिंपीण कात्रीवर नाव कोरून घ्यायला आली. बडबडी बाई. तिला नातीचं नाव सांगून अर्थ विचारला. म्हणाली, "सांत्वन. आमच्याकडे आधीचं मूल गेलं असेल तर पुढच्या मुलीचं ठेवतात. किती गेली होती हो?" एकही नाही, असं मी ठासून सांगितलं. तिनं पैसे दिले आणि कात्री उचलली.

ती गेल्यावर एकेक आठवू लागलं. दोन वर्षांपूर्वी पाठदुखीचं निमित्त करून तू आली नाहीस. आई यायला निघाली, तर घराला रंग लावतोय म्हणालीस. कुठला रंग, असं मी विचारलं, तर तू फोन जावईबापूंच्या हातात दिलास. कित्येक आठवडे फोनवर नुसता आवाज, चेहरा नाही. मी मात्र नवरा-बायकोत बिनसलंय, असं धरून बसलो होतो. आईच्या हृदयाचं दुखणं तेव्हा नुकतंच निघालं होतं. तू कुणाला जपलंस, ते आता कळतंय. विहीणबाईंवरही उगाच दात धरला. तुझ्या शब्दाखातर गप्प राहिल्या बिचाऱ्या.

आईला अजून काही बोललेलो नाही. ते कधी आणि कसं, तूच ठरव. वाटीवर नाव मी उद्या कोरतो. फोन केला असता, तर तू पुन्हा फूल म्हणाली असतीस आणि मीही बरं म्हणालो असतो, म्हणून कागद घेतला. विचारायचं एवढंच आहे: त्या पहिल्या बाळाचं काही नाव ठेवलं होतंत का? मनातल्या मनात का होईना, ठेवलं असेल तर मला कळव. मी त्याचाही आजोबा आहे.

तुझाच,
बाबा