मन्मथअप्पांचं मानपत्र

१४ ऑगस्ट २०२३

आजचं लिहून ठेवते. विसरायचं नाही — म्हणूनच ही वही आणली.

हेडक्लार्क मन्मथअप्पा सगळ्या हॉलसमोर मला म्हणाले, "बाई, तुमाला काम शिकवून काय फायदा? दोन वर्सं बसा, पगार घ्या, मंग जावा मुरुडला." सगळे हसले. मीसुद्धा हसले. त्याचाच जास्त राग येतो आहे.

वाक्य नंबर १.

माझा नवरा दयानंद नोकरीत असतानाच गेला म्हणून त्याच्या जागी मला घेतलं. अनुकंपा. अट एकच — दोन वर्षांत मराठी टायपिंगची परीक्षा पास, मिनिटाला तीस शब्द. नाही झाले तर नोकरी संपली. मग आरतीला घेऊन मुरुडला, दिराच्या घरी, जावेच्या हाताखाली. आणि मला मोबाइलवरसुद्धा एकाच बोटाने लिहिता येतं.

१५ ऑगस्ट

झेंडावंदन झालं. जिलेबी वाटताना वाक्य नंबर २ : "आमी मेरिटवर आलोत. कुणाच्या मयतावर न्हाई."

जिलेबी तशीच पुडीत बांधून आणली. आरतीने खाल्ली. मला गिळली नसती.

२१ ऑगस्ट

देगलूर नाक्याजवळ साबेरा मॅडमचा टायपिंग क्लास लावला. सकाळी सहा ते सात. त्यांच्या अब्बांनी सुरू केलेला. आता कॉम्प्युटर आहेत, पण जुनी मशीनं अजून कोपऱ्यात एकावर एक रचून ठेवलीत.

मॅडमनी बुटाच्या खोक्याचं झाकण माझ्या दोन्ही हातांवर पालथं घातलं. "हातांकडं देखू नको. बोटांना याद ऱ्हायला पायजे, डोळ्यांना न्हाई." पहिली वेलांटी इथे अक्षराच्या आधी मारायची. हाताने लिहिताना अक्षर आधी. चौतीस वर्षांची सवय मोडायची आहे.

मी कुठे नोकरीला, कुणाच्या हाताखाली, ते विचारलं. मन्मथअप्पांचं नाव घेतलं तशा हसल्या. का हसल्या ते सांगितलं नाही.

३ ऑक्टोबर

करंगळी सुजली. नंबर ७.

१९ नोव्हेंबर

घरी कॉम्प्युटर नाही. कॅलेंडरच्या मागे कळा आखल्यात, तो कागद ओट्याला चिकटवलाय. डाळ शिजेपर्यंत त्यावर बोटं मारते. आरती पुस्तकातला धडा समोर धरते आणि मोबाइलवर वेळ लावते. काल म्हणाली, "आई, तू झोपेत पण माझ्या पाठीवर टाइप करतेस."

दिवसा ऑफिसमध्ये मला फक्त आवक रजिस्टर. आणि साहेबांकडे कुणी आलं की पाण्याचे ग्लास. दयानंदची खुर्ची रिकामी आहे, पण अप्पांनी तिच्यावर जुन्या फायली रचल्यात. मी दारापाशी स्टुलावर बसते.

पास झाले की आधी ती खुर्ची घेणार. मग अप्पांना एकेक वाक्य परत देणार, नंबरवार.

१२ डिसेंबर

परीक्षा झाली. एकदाही खाली बघितलं नाही. हात असे पळाले की बाजूचा मुलगा थांबून बघत होता.

वेळ संपली तेव्हा मान वर केली. डावा हात पहिल्यापासूनच एक कळ बाजूला बसला होता. सात मिनिटं, पूर्ण स्पीडने, न बघता — नुसता कचरा टाइप केला होता.

१६ फेब्रुवारी २०२४

निकाल लागला. नापास. मला माहीतच होतं. अप्पांनी नोटीस बोर्डाजवळ गाठलं. "पेढे कवा?" नंबर ११.

साबेरा मॅडमना सांगताना रडू आलं. त्या म्हणाल्या, "रडून राहिलीस कामून? हात चालला ना? फक्त जागेवर बसव." आणि झाकण पुन्हा हातांवर ठेवलं.

२७ ऑगस्ट

दुसऱ्यांदा नापास. परीक्षेच्या दिवशी ताप होता, पण ते कुणाला सांगायचं? आता एकच परीक्षा मुदतीत बसते.

अप्पा साहेबांना म्हणाले, मला ऐकू जाईल असं — "जागा रिकामी होनार हाय सायेब, आताच कळवून ठिवा." नंबर १५.

मी मुरुडला जाणार नाही. अप्पांच्या छाताडावर बसून पास होईन.

८ सप्टेंबर

पाच वाजता उठून क्लासचं कुलूप मीच उघडते आता. मॅडमनी किल्ली दिली. सहापर्यंत एकटी. हात ठेवायच्या आधी दोन्ही तर्जन्यांनी कळांवरचे उंचवटे चाचपते. दर वेळी. देवळात शिरताना घंटा वाजवावी तशी सवय करून घेतली आहे.

आणि अप्पांचा चेहरा आठवते. त्याने स्पीड वाढतो. खरंच वाढतो.

२५ फेब्रुवारी २०२५

पास. शंभरात ब्याण्णव.

आरती गल्लीभर सांगून आली. मी पेढे घेऊन ऑफिसात गेले, प्रमाणपत्र अप्पांच्या टेबलावर ठेवलं, बोलायची सगळी वाक्यं तयार. त्यांनी चष्म्यातून एकदा बघितलं. "आवक नंबर टाकला का?" — बस. पेढासुद्धा खाल्ला, वर दुसरा मागितला.

दीड वर्ष घासून घेतलं ते ह्यासाठी? खुर्ची मिळाली. फायली मीच उचलल्या. पण आतली आग आहे तिथेच.

१९ मे

आता मराठीतलं सगळं टायपिंग माझ्याकडे. आज साहेबांनी बोलावलं. ३१ला अप्पा रिटायर होतात, शनिवार येतो म्हणून समारंभ ३०ला. "मानपत्र तुम्हीच टाइप करा. मजकूरही तुम्हीच करा, तुमची भाषा चांगली आहे. आणि वाचूनही तुम्हीच दाखवा."

देव आहे!

२१ मे

पहिला खर्डा झाला. तेवीसच्या तेवीस वाक्यं, तारखांसकट. त्यांची बायको, सून, व्याही — सगळे खुर्च्यांवर बसलेले असतील. वाचताना माझा आवाज कापेल का, एवढीच भीती.

मग साहेब ओरडतील. ओरडू देत. टायपिंग पास आहे, आता मला कोण काढतो?

२२ मे

रुजू झाल्याची तारीख हवी म्हणून कपाटातून अप्पांचं सेवापुस्तक काढलं. पहिलं पान :

वडील शिपाई, सेवेत असताना मयत. अनुकंपा तत्त्वावर नियुक्ती, १९८७.

दोनदा वाचलं. पुढे चिकटवलेले कागद — टंकलेखन परीक्षा अनुत्तीर्ण. अनुत्तीर्ण. अनुत्तीर्ण. अनुत्तीर्ण. मग नोटीस, सेवा समाप्त का करू नये. मग "अखेरची मुदतवाढ". मग पास, पाचव्या वेळी.

आमी मेरिटवर आलोत!

खर्डा फाडला. त्या तेवीस वाक्यांची आता गरजच नाही.

२३ मे

साबेरा मॅडमना विचारलं. "हाव. अब्बांकडंच यायचा. सकाळी पाचला दारात उभा. अब्बा बोटांवर पट्टी मारायचे आन हा हात म्हागं घ्यायचा न्हाई. लई मेहनत केली त्यानं." मग म्हणाल्या, "ते मानपत्रात टाकू नको बेटा. त्यानं कुणाला सांगितलेलं न्हाई."

त्यासाठीच तर टाकायचं आहे.

३० मे

झालं.

शाल, श्रीफळ, हार. अप्पा नव्या सफारीत. मी उभी राहिले आणि वाचलं : "श्री. मन्मथअप्पा, आपल्या वडिलांनी याच कार्यालयात शिपाई म्हणून सेवा केली. त्यांच्या अकाली निधनानंतर आपण विसाव्या वर्षी अनुकंपा तत्त्वावर रुजू झालात. टंकलेखन परीक्षेत चार वेळा अपयश आले, सेवा संपवण्याची नोटीस मिळाली, तरीही जिद्द आणि कष्ट यांच्या बळावर आपण पाचव्या वेळी यश खेचून आणले. आपली ही वाटचाल आम्हा सर्वांना, विशेषतः अनुकंपावर आलेल्यांना, सदैव प्रेरणा देईल."

एकही शब्द खोटा नाही. एकही शब्द वाईट नाही. आवाजही कापला नाही.

आधी साहेबांनी टाळ्या वाजवल्या, मग सगळ्यांनी. त्यांची बायको शेजारणीला विचारत होती, "शिपाई? हे तर मामंजी मास्तर होते म्हनायचे." अप्पा हारातली फुलं चिवडत बसले. मान वर केली नाही. मला फार गोड वाटलं. इथे खोटं कशाला लिहू — फार गोड वाटलं.

सगळे जेवायला गेल्यावर ते माझ्या टेबलाशी आले. वाटलं, आता शिव्या देतील. शांतपणे म्हणाले, "त्या वक्ताचे हेडक्लार्क मलाबी आसंच बोलायचे. रोज. म्हनून पास झालो. मी बोललो म्हनून तुमीबी झालाव. न्हाईतर आजून ग्लास भरत बसला असता."

मानपत्र काखेत मारून गेले.

म्हणजे पाच वाजता उठले मी, करंगळी सुजली माझी, आणि श्रेय ते घेऊन गेले! संध्याकाळपासून हाताला काही सुचत नाही. एवढं करूनही ह्या माणसाला हरवता आलं नाही. आणि ते म्हणाले ते खोटं आहे, हे मला छातीवर हात ठेवून सांगता येत नाही, त्याचा संताप तर वेगळाच.

१६ जून

नवीन बाई रुजू झाल्या. तुळजाबाई, किनवटच्या. नवरा आमच्याकडेच होता, मार्चमध्ये गेला. कपाळ मोकळं, पदर घट्ट धरलेला. टायपिंग येत नाही. दारापाशीच्या स्टुलावर टेकल्या आणि विचारलं, "ताई, दोन वर्सांत व्हईल का हो माज्याच्यानं?"

सगळे माझ्याकडे बघत होते. मी म्हणाले, "बसा. पगार घ्या. मग जावा किनवटला." सगळे हसले. त्याही हसल्या.

नंबर २४. बोलणारी — मी.