मगरिबची चार मिनिटं

सावदा, गुरुवार, २० मार्च २०२५

चि. नूरबी,

सलाम आणि पुष्कळ दुआ. जावईबापूंनाही सलाम सांग. आज एकोणिसावा रोजा. मी बरा आहे. तुझ्या पायांची सूज उतरली का? मीठ कमी खा. नऊ वर्षांनी दिवस गेलेत, फोनच्या रेंजसाठी शाळेमागची टेकडी चढू नकोस. साक्रीला कुणी जाणारं असलं की चिठ्ठी टाक.

सोमवारी इथे थोडा गोंधळ झाला. मगरिबची अजान चार मिनिटं उशिरा झाली. लोक रोजा सोडायला खजूर, केळं हातात धरून बसलेले. मोबाइलात वेळ दिसत होती, तरी तीस वर्षांच्या सवयीने माझ्या आवाजासाठी थांबले. रुबाब नाना बाहेरूनच ओरडले, "काय रे गुलाब, सूरज आता तुला विचारून बुडतो का?" सगळे हसले. मी म्हटलं, घड्याळाचा सेल गेला. मौलवीसाहेबांनी बिचाऱ्यांनी स्वतः नवा सेल आणून घातला.

सेल गेला नव्हता, बेटा. माइकपाशी बसून मी तुझा फोन ऐकत होतो. तू म्हणालीस, "बाबा, आज बाळाने लाथ मारली." समोर सहा सदतीस झाले. मला दिसले. मी उठलो नाही.

मौलवीसाहेब नेहमी सांगतात, लेकरांपेक्षा, जिवापेक्षा अल्लाह प्यारा असावा. मी मान हलवायचो. वाटायचं, आपलं तसंच आहे. त्या चार मिनिटांत मला त्याची आठवणही झाली नाही. वर रोज्याच्या तोंडाने खोटं बोललो.

तेव्हापासून झोप नाही. त्याची सजा तुझ्या पोटातल्याला तर मिळणार नाही? मौलवीसाहेबांना आडून विचारलं. म्हणाले, "बापाच्या चुकीची सजा तो लेकीला देत नाही, चाचा." पण चूक कोणती, ते त्यांना कुठे माहीत?

म्हणून उद्या जुम्म्याला सगळ्यांसमोर खरं सांगणार आहे. अजान कदाचित काढून घेतील. फोनवर हे तोंडातून निघालं नसतं, तू रडली असतीस. तुझा यात काही दोष नाही.

बाळावर माझा फार जीव आहे. पण अल्लाहनंतर. हे लिहिताना हात अडला, नूरबी. तरी लिहिलं. आता ते खरं व्हावं, एवढी दुआ तूही कर.

तुझा घाबरलेला बाप,
गुलाब तडवी