चुकीच्या काठावरचं गाव

प्रिय भोपळ्या,

आता तुझं पडवळ झालंय हे मला ठाऊक आहे, पण लहानपणी चिकटलेलं नाव पोटाचा घेर कमी झाला म्हणून सुटत नसतं. तेव्हा उगाच तोंड वाकडं करू नकोस. पत्र पाहून दचकला असशील. दर रविवारी फोनवर बोलतोच की, मग ताईला आज कागद काळे करायची हौस का आली? अरे बाबा, फोनवर आपण काय बोलतो ते तुलाही माहीत आहे. माझे गुडघे, तुझी बसडेपोतली पाळी, अप्पांचा खोकला, तुमच्याकडे उकडतंय का. सहा वर्षं आपण दोघं त्या एका जेवणाला वळसा घालून बोलतोय. आज मला वळसा घालायचा नाहीये. पत्रातही मीच बोलणार म्हणा, पण निदान तुला मधेच बाजूला ठेवून चहा तरी करून घेता येईल.

तू लढाईवरून परत आलास, त्याच्या तिसऱ्या दिवशीचं ते जेवण. तीन वर्षं तू त्या परक्या मुलखात होतास, आपल्या फौजेचा पाण्याचा टँकर चालवायचास. आई वाढून वाढून थकत नव्हती, आणि तू पहिल्यांदाच आपणहून काहीतरी सांगायला लागला होतास. नदीपलीकडच्या एका गावाबद्दल, मोडक्या पुलावर टाकलेल्या फळ्यांबद्दल, डबे-बादल्या घेऊन त्या फळ्यांवरून पाण्याला येणाऱ्या बायकांबद्दल. तू गावाचं नाव घेतलंस आणि मी तोंडातला घासही न गिळता तुला अडवलं. म्हटलं, ते गाव पलीकडे नाहीच मुळी, अलीकडे आहे, आपल्या ताब्यातल्या काठावर. ते लोक कशाला नदी ओलांडतील? तुझा काहीतरी घोळ होतोय. इथवर थांबले असते तरी चाललं असतं. पण जित्याची खोड! पर्समधून त्या दिवशीचा आमचा पेपर काढला, त्यातला मी काढलेला नकाशा ताटांच्या मधे पसरला आणि चमच्याच्या दांड्यानं तुला तुझं गाव दाखवलं. वर आणखी म्हणाले की तुझी गाडी निम्मा वेळ बंदच पडलेली असायची, तू बघितलंस तरी काय? तुझे दाजी हसले. तू त्या नकाशाकडे बघितलंस आणि उठून हात धुतलेस. तेव्हापासून लढाईचा विषय निघाला की तू मिठाची गुळणी धरतोस.

मला माझ्या नकाशाचा केवढा तोरा होता ते तुला कसं सांगू? आमच्या पेपरात एक रीत आहे. कुठलीही मोठी बातमी सुरू झाली की त्या मुलखाचा मूळ नकाशा एकदाच काढायचा. नदी, रस्ते, गावं सगळी पक्की. मग रोज त्यावर फक्त बाण हलवायचे आणि ताब्यातला भाग करडा करायचा. लढाई दोन वर्षांत आटोपेल असं तेव्हा सगळेच म्हणत होते. आता चौदावं वर्ष चालू आहे, आणि नकाशा तोच. लढाई हवी म्हणणारे माझा नकाशा दाखवून सांगायचे की बघा किती पुढे गेलो. नको म्हणणारे मोर्च्यात तोच नकाशा फलकावर डकवून विचारायचे की सांगा, मिळवलं काय. दोन्हीकडच्यांच्या हातात माझंच काम. मला वाटायचं, या लढाईतलं माझ्याइतकं कुणाला कळत नाही. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ते याहून वेगळं नसावं.

आणि तुझ्या गाडीची थट्टा! ती तर आपल्या घरचा नेहमीचा करमणुकीचा विषय झाली होती. तुझ्या तुकडीतला कुणी ना कुणी सुट्टीवर आला की सांगायचा, तुमच्या पोराचा टँकर पुन्हा बंद पडला. अप्पांचं उभं आयुष्य गॅरेजात गेलं, आवाजावरून इंजिनाचं दुखणं ओळखणारा माणूस तो. त्यांच्या पोराची गाडी दर आठवड्याला त्याच रस्त्यावर बंद पडते म्हणजे काय? शेवटी तुझ्याकडून गाडी काढून तुला कोठारात पोती मोजायला बसवलं, तेव्हा अप्पा दोन दिवस गॅरेजकडे फिरकले नाहीत. आणि मी काय केलं? हसले. म्हटलं, लोहाराच्या घरी मोडका विळा.

आता ऐक. गेल्या महिन्यात दुपारी खालच्या रखवालदाराचा फोन आला की नकाशेवाल्या बाईंना भेटायला कुणी आलंय. चाळिशीची एक बाई. आमच्या ऑफिसमागच्या गल्लीत शिंप्याच्या दुकानात काज-बटणं करते. बोटाला शिवणाचं टोपण तसंच, गळ्यात मापाची टेप. दुकानात कपडे बांधून द्यायला आमचेच जुने पेपर वापरतात, त्यातला एक घडी करून आणला होता. आपली भाषा ती सात वर्षांत शिकली आहे, अडखळत पण नेमकं बोलते. माझ्या टेबलावर तिनं नकाशा उलगडला, एका ठिपक्यावर बोट ठेवलं आणि म्हणाली की हे माझं गाव, तुम्ही ते चुकीच्या काठावर ठेवलंय. भांडायला आली नव्हती रे. बटण चुकीच्या जागी लागलंय हे गिऱ्हाइकाला सांगावं, तसं सांगितलं तिनं.

मी लगेच वाद घालायला तोंड उघडलं आणि तुझा चेहरा आठवला. उघडलेलं तोंड मिटलं. कपाटाच्या तळातून लढाई सुरू झाली तेव्हाचं माझं पहिलं रेखाटन काढलं. भोपळ्या, त्यात गाव नदीच्या पूर्वेलाच होतं. बरोबर जागी. फक्त त्याच कोपऱ्यात मला अंतराची पट्टी बसवायची होती, गावाचं नाव लांबलचक, दोन्ही मावेनात. तेव्हा मी ठिपका उचलून अलीकडच्या काठावर ठेवला. तांदळाच्या दाण्याएवढं सरकवलं. साठ उंबऱ्यांचं गाव, आपल्याकडे कोण ओळखतंय त्याला! माझ्याच हाताची खूण आहे त्या कागदावर, लाल बाणाची. पुढे ती खूण मी विसरले, आणि पक्का नकाशा तेवढा खरा मानून बसले. त्या बाईनंच मला पाणी दिलं.

मग ती बोलत राहिली आणि मी आयुष्यात पहिल्यांदा गप्प राहून ऐकलं. दुसऱ्याच वर्षी पूल पडला. पलीकडे ते, अलीकडे आपण, आणि गाव मधल्यामधे. दिवसा आपले येऊन विचारायचे तुम्ही कुणाचे, अंधार पडला की ते येऊन विचारायचे तुम्ही कुणाचे. मी ज्या भागाला ताब्यातला म्हणून करडा रंग देत होते, तिथे आपली गाडी आठवड्यातून एकदा जाऊन यायची, एवढाच तो ताबा. नदीचं पाणी पिण्याजोगं राहिलं नव्हतं. आपला टँकर अलीकडच्या काठाला यायचा, अर्धा तास थांबायचा हुकूम. अर्ध्या तासात निम्म्या बायकासुद्धा फळ्या ओलांडू शकत नसत.

आणि मग तिनं मला त्या ड्रायव्हरचं सांगितलं. लुकडा, कानाला मफलर गुंडाळलेला. अर्धा तास झाला की त्याची गाडी बंद पडायची. बॉनेट उघडून तो आत डोकं खुपसायचा आणि शीळ घालत बसायचा. बरोबरचा शिपाई ओरडायचा, हा आतूनच हात हलवायचा. शेवटची बादली भरली की कुणीतरी टाकीवर दोनदा थाप मारायचं, आणि काय चमत्कार, गाडी चालू! गावातली पोरं खेळातसुद्धा तसं करायची म्हणे, एकानं डोकं खाली घालायचं आणि दुसऱ्यानं पाठीवर दोनदा मारायचं. ती हसत होती सांगताना. मी विचारलं, शीळ कशी होती? तिनं वाजवून दाखवली. अरे मेल्या, अप्पा स्क्रू आवळताना घालतात तीच! त्यांच्यासारखीच शेवटी बेसूर.

एक गोष्ट आणखी आहे. ती लिहावी की नाही म्हणून चार दिवस पत्र अडलं होतं. तुला गाडीवरून काढल्यावर जो नवा ड्रायव्हर आला, त्याची गाडी कधी बंद पडली नाही. अर्धा तास झाला की निघायचा. त्या घाईत एकदा फळीवरून तिची धाकटी जाऊ पाण्यात गेली, ती गेलीच. तुला हे कदाचित ठाऊक असेल. कदाचित त्या रात्रीच्या जेवणात तू तेच सांगायला निघाला होतास. मी तिला सांगितलं की तो शीळवाला माझा पाठचा भाऊ. तिनं माझे दोन्ही हात धरले आणि सांगितलं की त्याला कळवा, जावेचं आम्ही त्याच्या माथी कधीच मारलं नाही, त्याचं नाव निघालं की आम्हाला पाणीच आठवतं. हे तिचे शब्द, मी एकही इकडचा तिकडे केलेला नाही. आता तेवढं तरी शिकलेय.

लढाई बरोबर होती की चूक, यावर आता कुणी माझ्याशी वाद घालायला आलं तर मी विचारते, फळ्या किती रुंद होत्या ते माहीत आहे का? मला माहीत आहे. एक वीत. हे तू मला सहा वर्षांपूर्वी फुकटात सांगत होतास आणि मी चमच्यानं तुला गप्प केलं. मला माफ कर. आणि भोपळ्या, मी तुझे उपकार मानते. त्या साठ घरांच्या वतीनं मानायचा मला हक्क नाही, माझ्यापुरते मानते. तू तिथे होतास म्हणून माझ्या खोट्या ठिपक्याच्या जागी खरी माणसं पाणी प्यायली. आणि माझ्या एवढ्या अपमानानंतरही तू दर रविवारी माझे गुडघे विचारत राहिलास, त्याचेही.

अप्पांना सगळं सांगितलं. म्हणाले, इंजिन ऐन वेळेला बंद पाडून ऐन वेळेला चालू करायचं म्हणजे इंजिन चांगलंच कळायला हवं. आणि रडले रे. आई असायला हवी होती. संध्याकाळी ते गॅरेजात गेले आणि भेटेल त्याला हेच सांगत सुटलेत, आता तुझी खैर नाही.

पत्राचं खरं कारण आता लिहिते. महिनाअखेरीला मी निवृत्त होतेय. त्याआधी चूक कबूल करून मूळ नकाशा नव्यानं छापायला संपादकांनी पाव पान दिलंय, खाली माझं नाव घालून. त्या बाईनं गाव पूर्व काठावर कुठे ते दाखवलं, पण अलीकडचा काठ, टँकरची जागा, पुलापर्यंतची वाट तिला नीट सांगता येईना. म्हणाली, ते शीळवाल्याला विचारा. म्हणून सोबत एक कागद पाठवतेय. त्यावर मी फक्त नदी काढली आहे, बाकी सगळा कोरा. पेन्सिलही घातली आहे. आठ दिवसांनी रविवार आहे, ती दुपारी घरी येणार आहे, अप्पा सकाळपासूनच दारात बसतील. पोस्टानं पाठवलास तरी चालेल, पण तू घेऊन आलास तर बरं. जेवताना ताटांच्या मधे आपण तो कागद पसरू, आणि या वेळी गाव तू ठेव. मी तुला अडवणार नाही.

तुझीच,
चमचा खाली ठेवलेली ताई