आलाप संपेपर्यंत

४ ऑगस्ट, रविवार
बँड सुरू. नाव ‘तीव्र मध्यम’. रॉक, पण पाया शास्त्रीय. गिटार आणि नेतृत्व माझं. ड्रमवर आमच्या चाकणच्या कंपनीतला समाधान. गायला वाकडची सई, शास्त्रीय शिकलेली. प्रॅक्टिस दर रविवारी, काळेवाडीत माझ्या खोलीवर. नियम एकच: आलापाशिवाय गाणं नाही. समाधानने विचारलं, भावा, मी कधी सुरू करू? म्हटलं, आलाप संपला की. गोडी लागेल त्याला.

११ ऑगस्ट
समाधानला ओव्हरटाइम. सईला ऑफिसचा कॉल. एकट्याने रियाज केला. एकांतात सूर खोल जातो. चहा तिघांचा टाकला होता, तिघांचा प्यायलो. ॲसिडिटी.

१८ ऑगस्ट
दोघंही आले. आलाप उत्तम. थर्ड शिफ्ट करून आलेला समाधान ड्रमवर डोकं टेकून झोपला. माझ्या सुरांत शांती आहे. सई म्हणाली, जरा आवरतं घे. शिकलेल्यांनाही घाई. नंतर पोहे, गप्पा. खोली भरल्यासारखी वाटली. ते गेल्यावर बशा बराच वेळ विसळल्या नाहीत.

३० ऑगस्ट
सईच्या सोसायटीच्या गणपतीत कार्यक्रम मिळाला. फॅन्सी ड्रेस आणि आरती यांच्या मधे. सईने आलाप गाळायचं वचन घेतलं. दिलं. लोकांनीच मागणी केली तर माझा नाइलाज.

१२ सप्टेंबर
डोळे मिटून आलाप धरला. सेक्रेटरी अवधूतराव कानाशी येऊन म्हणाले, साउंड चेकिंग झालं की सांगा, मग अनाउन्समेंट करतो. डोळे उघडले तेव्हा आरती चालू होती. सई गात होती, समाधान वाजवत होता, लोक टाळ्यांचा ठेका देत होते. माझ्या गिटारची वायर मांडववाल्याने काढली होती. एकूण बँडचा पहिला कार्यक्रम यशस्वी.

२२ सप्टेंबर
कुणी आलं नाही. सईचा मेसेज: मला आणि समाधानला नवरात्रीची बोलावणी आहेत, आता इथे जमणार नाही, राग मानू नकोस. राग कसला? बँडची शाखा निघाली. मुख्यालय काळेवाडीच.

२९ सप्टेंबर
समाधान ड्रम न्यायला टेम्पो घेऊन आला. चहा टाकतो म्हटलं. टेम्पोवाला थांबत नाही म्हणाला. जिन्यात मीच म्हणालो, आलाप काढून टाकू, थेट गाणं घेऊ.
तो म्हणाला, आता कशाला भावा, तुला एकट्याला जमतंय की.
चिडून नाही, मायेनेच म्हणाला. मोठा ड्रम मी उचलला. टेम्पोत दोरीने नीट बांधून दिला.