ताइमीच्या सिनेमाला कोणीच हसलं नाही

२ फेब्रुवारी १९५३, सोमवार

आज सकाळी चर्चच्या पायऱ्यांवरचा बर्फ लोटताना मी हसलो. मोठ्यानं, एकटाच! परवापासून दाबून ठेवलेलं हसू आज फुटलं.

शनिवारी गावच्या सभागृहात ताइमीचा सिनेमा दाखवला. ताइमी माझ्या थोरल्या भावाची मुलगी. डेअरीतलं काम सोडून हेलसिंकीला गेली, आठ वर्षं गर्दीत उभं राहायची कामं केली, आणि आता कुठे ही पहिली मोठी भूमिका. शेतावरची मालकीणबाई झालीय. डुकराच्या पिलामागे धावते आणि पिलासकट ताकाच्या पिंपात पडते. देवा रे! मी हातमोजा चावला. शेजारच्या नेस्तोरीनं टोपी तोंडात कोंबली. पाद्रीबाबांचे खांदे गदगदत होते. पण आवाज? एकाचाही नाही. चारचौघांत दात काढायची आपल्यात रीत नाही.

ताइमी दाराशी उभी होती. पांढरीफटक.

३ फेब्रुवारी

ताइमी आली होती. "काका, हेलसिंकीत लोक हसून खुर्चीवरून पडतात. इथं सगळे मयताला आल्यासारखे बसले होते!" शुक्रवारी सिनेमा कंपनीवाले गावातल्या दुकानाच्या फोनवर विचारणार — पुढचा सिनेमा करणार का? ती नाही म्हणणार. "सोमवारपासून परत डेअरीत. माझ्याच माणसांना पटत नाही, तर कशाला?"

ती गेल्यावर बायकोला, हुल्दाला म्हटलं, तू सांग ना तिला, चांगलं झालं म्हणून.

"मी? मी तिला दुसरा पाव वाढला की! आणखी काय, ढोल वाजवू?"

४ फेब्रुवारी

घोटाळा वाढला. नेस्तोरी तिच्या दारात मासा ठेवून पळाला. मग कोणी लोकरीचे मोजे ठेवले, कोणी रानबोरांचा मुरंबा. ताइमी रडकुंडीला आली — "आजोबा गेले तेव्हा हेच सगळं आणलं होतं लोकांनी!"

खरं आहे. आम्हाला दुःखातही मासा, कौतुकातही मासा.

५ फेब्रुवारी

देवाकडे धीर मागितला. गोठ्यात सराव केला — "छान होतं, ताइमी." गाय मागे सरकली.

पाद्रीबाबांना विचारलं, तोंडावर कौतुक करणं पाप आहे का? म्हणाले, "पाप नाही. पण इतकं टोक गाठायची गरज आहे का, सुलो?"

सिनेमा बघणं बरं की वाईट, मला कळत नाही. पण पोटातून येणारं हसू सैतानाचं नसावं.

६ फेब्रुवारी

दुकान गच्च. सगळ्यांना नेमकं आजच मीठ हवं होतं. फोन वाजला. ताइमीनं उचलायच्या आत मी म्हणालो, सगळ्यांदेखत — "ताइमी, काम फार चांगलं केलंस." 'फार' कसं निसटलं, देव जाणे! नेस्तोरी कानापर्यंत लाल. "हो," तो म्हणाला, "आता पुरे कर, सुलो."

ताइमी फोनवर 'हो' म्हणाली.